वजनावरून माप: घनता आणि घनफळ वापरून वस्तूची लांबी, जाडी, व्यास कसा काढावा

फूटपट्टी लावता येत नाही अशा मापांची यादी मोठी आहे. रिळावर गुंडाळलेल्या तारेची लांबी, फॉइलची जाडी, तोंडे बंद असलेल्या नळीच्या भिंतीची जाडी, चिमटीतून निसटणाऱ्या छर्‍याचा व्यास. या सगळ्यांना एक सामाईक वाट आहे. वस्तू काट्यावर ठेवायची, ती कशाची बनली आहे ते ठरवायचे आणि बाकीचे गणितातून काढायचे. शाळेत घनतेचा धडा ‘वस्तुमान आणि आकारमान दिले आहे, घनता काढा’ इथेच संपतो. तेच समीकरण उलटे फिरवले की ते मोजपट्टीचे काम करू लागते:

घनफळ = वस्तुमान ÷ घनता

यातून हाती लागतो एकच आकडा. वस्तूची मापे मात्र एक, दोन किंवा तीन असू शकतात. एका आकड्यातून तीन मापे निघत नाहीत. १०० घन सेंमी घनफळाची विटेसारखी वस्तू ४ × ५ × ५ असेल, २ × ५ × १० असेल किंवा १ × १ × १०० सुद्धा असेल. म्हणून उरलेली माहिती कुठून तरी आणावी लागते: आकार ठाऊक असणे, बाजूंचे गुणोत्तर ठाऊक असणे, नाहीतर एक-दोन मापे हाताने मोजणे. कोणते माप हाताने घ्यायचे आणि कोणते गणितावर सोपवायचे, या निवडीवर उत्तराची अचूकता ठरते. सूत्रे कुठल्याही पुस्तकात सापडतात, ही निवड मात्र फारशी कुणी समजावून सांगत नाही. म्हणून या लेखात तिच्यावर जास्त वेळ घालवणार आहे.

पहिली पायरी: एकके जुळवा

सगळे ग्रॅम आणि सेंटीमीटरमध्ये करा. घनता ग्रॅम प्रति घन सेंमी, लांबी सेंमी, वस्तुमान ग्रॅम. व्यास मिलिमीटरमध्ये मोजला असेल तर सूत्रात घालण्याआधीच १० ने भागा. घनता किलोग्रॅम प्रति घनमीटरमध्ये दिली असेल तर १००० ने भागा: ७८५० चे ७.८५ होते. १ मिलिलीटर म्हणजे १ घन सेंमी, त्यामुळे द्रवांसाठी वेगळे काही करावे लागत नाही.

गोंधळ होतो तो घन एककांत. १ मीटर म्हणजे १०० सेंमी, पण १ घनमीटर म्हणजे १० लाख घन सेंमी. उत्तर शंभरपट किंवा हजारपट विचित्र आले तर गुन्हेगार बहुतेक वेळा इथेच सापडतो.

दुसरी पायरी: घनता मिळवा

नेहमीच्या पदार्थांच्या घनता खोलीच्या तापमानाला साधारण अशा आहेत, ग्रॅम प्रति घन सेंमीमध्ये:

| पदार्थ | घनता |
|---|---|
| बर्फ (० अंशाला) | ०.९१७ |
| पाणी (२० अंश सेल्सिअस) | ०.९९८ |
| खिडकीची साधी काच | सुमारे २.५ |
| ॲल्युमिनियम | २.७० |
| टायटॅनियम | ४.५१ |
| साधे पोलाद | ७.८५ |
| लोखंड (शुद्ध) | ७.८७ |
| पितळ | ८.४ ते ८.७ |
| तांबे | ८.९६ |
| चांदी | १०.४९ |
| शिसे | ११.३४ |
| सोने (शुद्ध) | १९.३२ |

शुद्ध धातूंचे आकडे डोळे झाकून वापरावेत. मिश्रधातूंचे नाही. पितळात तांबे आणि जस्त यांचे प्रमाण बदलते तशी घनता बदलते, आणि पितळाच्या वस्तूला ८.४ घ्यावे की ८.७ हा फरक साडेतीन टक्क्यांचा आहे. लाकडाची गोष्ट तर विचारूच नका. एकाच झाडाच्या दोन फळ्या सारख्या भरत नाहीत, आणि एकच फळी ओली असताना आणि वाळल्यावर वेगळी भरते. वाळू, धान्य, भुकटी यांच्या बाबतीत कणाची घनता आणि ढिगाची घनता या दोन निराळ्या गोष्टी आहेत, कारण ढिगात हवाही असते.

घनतेबद्दल शंका असेल तर ती स्वतः मोजा. त्यासाठी प्रयोगशाळा लागत नाही. ०.१ ग्रॅमपर्यंत दाखवणारा डिजिटल काटा, पाण्याचे भांडे आणि बारीक दोरा पुरतो.

आधी वस्तूचे कोरडे वजन घ्या. मग भांड्यात पाणी भरून ते काट्यावर ठेवा आणि काटा शून्य करा. आता वस्तू दोर्‍याने लटकवून पूर्ण बुडेल अशी पाण्यात सोडा. ती तळाला किंवा बाजूला टेकता कामा नये. काट्यावर जो आकडा दिसेल तेवढे ग्रॅम पाणी वस्तूने बाजूला सारले आहे. पाणी वस्तूला जेवढ्या बलाने वर ढकलते, वस्तू पाण्याला तेवढ्याच बलाने खाली दाबते, आणि काटा तेच मोजतो. हे आर्किमिडीजचे तत्त्वच आहे, फक्त वस्तू हलकी किती झाली ते पाहण्याऐवजी भांडे जड किती झाले ते आपण पाहतो. त्या आकड्याला ०.९९८ ने भागले की वस्तूचे घनफळ मिळते.

समजा पितळी वाटणारा एक वेडावाकडा तुकडा कोरडा २६८.८ ग्रॅम भरला आणि बुडवल्यावर काट्याने ३१.९ दाखवले. घनफळ ३१.९ ÷ ०.९९८ = ३१.९६ घन सेंमी. घनता २६८.८ ÷ ३१.९६ = ८.४१. तुकडा पितळाचा असणे पटते, आणि त्याच मालातून निघालेल्या कांबीसाठी आता तक्त्यातल्या पट्ट्याऐवजी तुमच्याकडे स्वतःचा आकडा आहे.

या पद्धतीत सांभाळायच्या गोष्टी तीन. वस्तूला चिकटलेले हवेचे बुडबुडे खोटे घनफळ वाढवतात. पाण्यात भांडी धुण्याच्या साबणाचा एक थेंब टाकला आणि वस्तू हलवली की ते सुटतात. वस्तू तळाला टेकली तर काटा घनफळ सोडून वजन दाखवू लागतो, आणि मग आकडा एकदम मोठा येतो. तरंगणारी वस्तू सुईसारख्या बारीक टोकाने पाण्याखाली ढकलून धरा. ढकलल्याने काट्यावर जास्त भार येतो खरा, पण तो भार अधिक वस्तूचे वजन मिळून बरोबर बाजूला सारलेल्या पाण्याएवढाच असतो, त्यामुळे आकडा बरोबरच येतो.

मोजमापाच्या सिलिंडरमध्ये वस्तू टाकून पाण्याची पातळी वाचण्याची शालेय पद्धत चालते, पण लहान वस्तूंसाठी ती अगदीच ढोबळ आहे. काट्यावरची पद्धत तिच्यापेक्षा कितीतरी चांगली.

तिसरी पायरी: आकार ठरवा, अज्ञात एकच उरू द्या

सगळ्यात सोपे आकार ते, ज्यांना एकच माप असते. घनाला बाजू, गोलाला व्यास.

घनाची बाजू = घनफळाचे घनमूळ
गोलाचा व्यास = (६ × घनफळ ÷ पाय) याचे घनमूळ

पाय म्हणजे ३.१४१६. इथे काहीही हाताने मोजावे लागत नाही, वजन आणि घनता पुरते. घनमूळ काढायला साध्या कॅल्क्युलेटरवर बटण नसेल तर अंदाज घेऊन तीनदा गुणून पाहा. दोन-तीन प्रयत्नांत दोन दशांश स्थळे सहज जुळतात.

बेअरिंगचे छर्रे हे यासाठी आदर्श उदाहरण. एक छर्रा साध्या काट्यावर नीट तोलता येत नाही, म्हणून १०० मोजून एकत्र तोला. समजा १०४.६ ग्रॅम भरले. एक छर्रा १.०४६ ग्रॅमचा. बेअरिंगच्या पोलादाची घनता ७.८१ धरली तर घनफळ ०.१३३९ घन सेंमी. त्याला ६ ने गुणून पायने भागले की ०.२५५८, आणि त्याचे घनमूळ ०.६३५ सेंमी. व्यास ६.३५ मिमी, म्हणजे नेमका पाव इंच. बेअरिंगच्या व्यवहारात हे माप सर्रास असते, त्यामुळे उत्तराचा पडताळाही आपोआप झाला.

दुसर्‍या गटात बाजूंचे गुणोत्तर ठाऊक असते. ॲल्युमिनियमचा १ किलोचा ठोकळा आहे आणि बाजू १ : २ : ४ या प्रमाणात आहेत असे समजू. सर्वांत लहान बाजू क्ष धरली तर घनफळ क्ष × २क्ष × ४क्ष, म्हणजे क्षच्या घनाची ८ पट. १००० ÷ २.७० = ३७०.४ घन सेंमी. त्याचा आठवा भाग ४६.३, घनमूळ ३.५९. बाजू झाल्या ३.५९, ७.१८ आणि १४.३६ सेंमी.

याच गटातले एक प्रसिद्ध उदाहरण म्हणजे किलोग्रॅमचा मूळ नमुना. १८८९ पासून २०१९ पर्यंत जगभरचा किलोग्रॅम ज्या एका धातूच्या तुकड्यावर बेतलेला होता, ती वृत्तचिती प्लॅटिनम ९० टक्के आणि इरिडियम १० टक्के अशा मिश्रधातूची आहे आणि तिची उंची व व्यास सारखे आहेत. मिश्रधातूची घनता सुमारे २१.५. घनफळ १००० ÷ २१.५ = ४६.५ घन सेंमी. उंची व्यासाएवढीच असल्याने घनफळ हे पाय × व्यासाचा घन ÷ ४ होते, तेव्हा व्यासाचा घन ५९.२ आणि व्यास ३.९० सेंमी. प्रत्यक्ष नमुनाही सुमारे ३९ मिलिमीटरचाच आहे. तिजोरीत कुलूपबंद असलेल्या वस्तूचे माप, हात न लावता. उंची आणि व्यास सारखे ठेवण्यामागेही कारण आहे. ठरावीक घनफळाच्या वृत्तचितीचे पृष्ठफळ या प्रमाणात सर्वांत कमी असते, आणि पृष्ठभाग जितका कमी तितकी धूळ बसायला आणि झीज व्हायला जागा कमी.

तिसरा गट व्यवहारात सर्वांत जास्त भेटतो: काही मापे हाताने घेता येतात, एक घेता येत नाही.

*पत्रा किंवा फॉइल.* जाडी = वस्तुमान ÷ (घनता × लांबी × रुंदी). ॲल्युमिनियम फॉइलचा ३० × ३० सेंमीचा चौकोन कापला आणि तो ३.९ ग्रॅम भरला, तर जाडी ३.९ ÷ (२.७० × ९००) = ०.००१६ सेंमी, म्हणजे १६ मायक्रॉन. चांगला मायक्रोमीटर स्क्रू गेजसुद्धा इतक्या पातळ गोष्टीवर डळमळतो. काटा डळमळत नाही. मात्र ०.१ ग्रॅमच्या काट्यावर ३.९ हा आकडा ३.८५ ते ३.९५ यांतला काहीही असू शकतो, म्हणून एकाऐवजी दहा चौकोन एकत्र तोला आणि उत्तराला दहाने भागा.

*तार किंवा सळई, व्यास हवा आहे.* आडव्या छेदाचे क्षेत्रफळ = वस्तुमान ÷ (घनता × लांबी), आणि व्यास = (४ × क्षेत्रफळ ÷ पाय) याचे वर्गमूळ. १० मीटर तांब्याची तार २० ग्रॅम भरली तर क्षेत्रफळ २० ÷ (८.९६ × १०००) = ०.००२२३ चौ. सेंमी, आणि व्यास ०.०५३३ सेंमी, म्हणजे ०.५३ मिमी. षट्‌कोनी सळई असेल तर समोरासमोरच्या सपाट बाजूंमधले अंतर = (क्षेत्रफळ ÷ ०.८६६) याचे वर्गमूळ.

*तार, लांबी हवी आहे.* लांबी = वस्तुमान ÷ (घनता × छेदाचे क्षेत्रफळ). ४४५ ग्रॅम तांब्याची तार, व्यास १ मिमी. छेद ०.००७८५ चौ. सेंमी, लांबी ६३२४ सेंमी, म्हणजे साधारण ६३ मीटर. रिळाचे वजन आधी वजा करायला विसरू नका. मोटार गुंडाळायच्या तारेवर वार्निशचा थर असतो, आणि तो व्यासात धरला तर लांबी कमी येते. टोकाचा थर खरवडून उघड्या तांब्याचा व्यास घ्या.

खरे तर इथे आणखी सोपी युक्ती आहे. त्याच तारेचा नेमका १ मीटरचा तुकडा मोजून तोला आणि पूर्ण गुंडीचे वजन त्याने भागा. ना घनता लागते, ना व्यास, वार्निशचाही प्रश्न मिटतो. तुकडा कापायची परवानगी असेल तर मी नेहमी हीच पद्धत सुचवेन. सूत्र वापरायला मिळते म्हणून वापरायचे, हा हट्ट नको.

*नळी.* बाहेरचा व्यास आणि लांबी मोजता येते, भिंतीची जाडी दिसत नाही. धातूच्या छेदाचे क्षेत्रफळ आधीसारखेच काढा. मग आतल्या व्यासाचा वर्ग = बाहेरच्या व्यासाचा वर्ग − (४ × क्षेत्रफळ ÷ पाय). पोलादाची ५० सेंमी नळी, बाहेरचा व्यास २.५० सेंमी, वजन ५६५ ग्रॅम. क्षेत्रफळ ५६५ ÷ (७.८५ × ५०) = १.४३९ चौ. सेंमी. चारने गुणून पायने भागले की १.८३३. ६.२५ मधून ते वजा केले की ४.४१७, वर्गमूळ २.१०. भिंतीची जाडी (२.५० − २.१०) ÷ २ = ०.२० सेंमी, २ मिमी.

चूक कुठे आटते आणि कुठे फुगते

एक टन पाण्याचा घन १ मीटर बाजूचा होतो. एक टन लोखंडाचा सुमारे ५० सेंमीचा. एक टन सोन्याचा? फक्त ३७ सेंमीचा. सोने पाण्यापेक्षा १९ पट घन आहे, तरी बाजू २.७ पटच कमी झाली. घनमूळ मोठ्या फरकाला असे चेपून टाकते, आणि तोच न्याय चुकांनाही लागू पडतो.

गोल किंवा घन असेल तर वजनात वा घनतेत ३ टक्के चूक झाली तरी व्यासात १ टक्काच उतरते. म्हणून छर्‍यांच्या पोलादाची घनता ७.८१ की ७.८५ याची फार चिंता नको. अर्ध्या टक्क्याचा फरक व्यासात सव्वासहा मिलिमीटरला एक शतांशाएवढा उरतो.

सळईचा व्यास काढताना वर्गमूळ येते, चूक निम्मी होते.

पत्र्याची जाडी काढताना चूक तशीच्या तशी उतरते. वजनात २ टक्के म्हणजे जाडीत २ टक्के. लांबी-रुंदीतल्या चुकाही यात मिळतात.

तारेची लांबी काढताना मात्र पारडे उलटे होते. व्यासाचा वर्ग भाजकात आहे, त्यामुळे व्यासातली चूक दुप्पट होऊन बाहेर पडते. वरच्या उदाहरणात व्यास १.०० ऐवजी ०.९८ मिमी असता तर लांबी ६३ मीटरऐवजी जवळपास ६६ मीटर आली असती. दोन टक्क्यांचे चार झाले. फूटपट्टीने तारेचा व्यास मोजून लांबी काढणार्‍याला हा सौदा महाग पडतो. उलट लांबी टेपने मोजून व्यास काढला, तर टेपची किरकोळ चूक आणखी निम्मी होते. म्हणून नियम असा: जे माप सूत्रात वर्गात किंवा घनात आहे ते गणितावर सोडा, जे साध्या रूपात आहे ते हाताने मोजा. लांबीच हवी असेल आणि पर्यायच नसेल तर व्यास मायक्रोमीटरने, तारेच्या चार-पाच ठिकाणी, आडवा आणि उभा असा दोन्ही दिशांनी घ्या.

नळीचा प्रकार थोडा वेगळा आहे आणि माझ्या मते इथे वजनाची पद्धत सर्वांत जास्त फायद्याची ठरते. तोंड उघडे असेल तर कुणीही म्हणेल, बाहेरचा आणि आतला व्यास कॅलिपरने मोजा आणि वजाबाकी करा. पण दोन जवळजवळच्या मोठ्या आकड्यांच्या वजाबाकीत चुका उघड्या पडतात. बाहेरचा व्यास ०.१ मिमीने चुकला तर वजाबाकीतून मिळणारी जाडी ०.०५ मिमीने चुकते, म्हणजे २ मिमीमध्ये अडीच टक्के. वजनाच्या पद्धतीत तोच २.५० चा २.५१ करून पाहा: जाडी ०.१९९ वरून ०.१९८ सेंमीवर येते, अर्ध्या टक्क्याचा फरक. कारण बाहेरचा व्यास वाढला की गणितातला आतला व्यासही जवळपास तेवढाच वाढतो आणि चूक बरीचशी आपसात मिटते. शिवाय कॅलिपर फक्त टोकाशी मोजतो, वजन संपूर्ण नळीची सरासरी देते.

या सरासरीची दुसरी बाजूही लक्षात असू द्या. काटा कुठे जाड, कुठे पातळ हे सांगत नाही. गंजून एका जागी कागदासारखी झालेली नळी वजनावर ठीकठाक दिसू शकते.

हवेच्या उत्प्लावनाचा, म्हणजे हवाही वस्तूला पाण्यासारखीच थोडी वर ढकलते त्याचा, प्रश्न कुणी तरी काढतोच. हवेची घनता ०.००१२ आहे, त्यामुळे धातूंसाठी हा परिणाम क्षुल्लक आहे. थर्माकोलसारख्या अतिहलक्या वस्तूत मात्र तो काही टक्क्यांपर्यंत जातो, तिथे वस्तूच्या घनतेतून हवेची घनता वजा करून भागाकार करा.

वस्तू आतून भरीव नसेल तर

सूत्र वस्तूला भरीव समजते. ओतीव धातूत आत पोकळ्या असतील, वर दुसर्‍या धातूचा मुलामा असेल, आत शिसे भरलेले असेल, तर वजनावरून काढलेले माप आणि प्रत्यक्ष माप जुळणार नाही. हे न जुळणेसुद्धा कामाचे असते. बाहेरून मोजलेल्या मापांवरून घनफळ काढा, वजन ÷ घनता हे दुसरे घनफळ काढा. पहिले मोठे निघाले तर फरक म्हणजे आतली पोकळी. पोकळ गोळ्याच्या भिंतीची जाडीही अशीच निघते: बाहेरच्या घनफळातून धातूचे घनफळ वजा करा, उरलेल्या घनफळाच्या गोलाचा व्यास काढा, आणि दोन व्यासांतला फरक निम्मा करा.

उत्तर हाती आले की ते उलट तपासा. मिळालेली मापे पुन्हा गुणून घनफळ, त्याला घनतेने गुणून वस्तुमान काढा. मूळ वजन परत आले तर आकडेमोड बरोबर. पण ही तपासणी चुकीची घनता किंवा चुकीचा आकार पकडत नाही, कारण दोन्ही बाजूंना तीच चूक बसलेली असते. त्यासाठी एखादे तरी माप स्वतंत्रपणे, ओबडधोबड का होईना, हाताने घ्यावे.

हाच हिशोब रेणू-अणूंपर्यंत

फॉइलची जाडी काढायचे सूत्र किती खोलवर जाते याचे एक उदाहरण १८९० सालचे आहे. ब्रिटिश भौतिकशास्त्रज्ञ लॉर्ड रॅले यांनी ८४ सेंमी व्यासाच्या टबातल्या पाण्यावर ऑलिव्ह तेल पसरवले आणि पाण्यावर फिरणाऱ्या कापराच्या तुकड्यांची हालचाल जेमतेम थांबायला ०.८१ मिलिग्रॅम तेल लागते असे पाहिले. हिशोब आपल्या ओळखीचाच आहे. टबाचे क्षेत्रफळ ५५४२ चौ. सेंमी, तेलाची घनता सुमारे ०.९. ०.०००८१ ÷ (०.९ × ५५४२) केले की १ सेंमीचा सुमारे ६० लाखांवा भाग येतो, म्हणजे १.६ नॅनोमीटर. तेलाचा थर एका रेणूच्या उंचीइतका पातळ होऊ शकतो हे पुढे स्पष्ट झाले, तेव्हा हे माप रेणूच्या आकाराच्या आसपासचे होते हे कळले. साधन म्हणून तराजू आणि पाण्याचे टब.

घनाचे सूत्र तर अणूपर्यंत जाते. तांब्याचा १ मोल ६३.५५ ग्रॅमचा असतो. ६३.५५ ÷ ८.९६ = ७.०९ घन सेंमी. यात ६.०२२ गुणिले १० चा २३ वा घात इतके अणू असतात. भागाकार करून नॅनोमीटरमध्ये आणला की एका अणूच्या वाट्याला ०.०११७८ घन नॅनोमीटर जागा येते. तांब्याच्या स्फटिकात अणू घनाच्या आठ कोपर्‍यांवर आणि सहा पृष्ठांच्या मध्यावर बसलेले असतात. कोपर्‍यावरचा प्रत्येक अणू आठ घनांत वाटला जातो आणि पृष्ठावरचा दोन घनांत, त्यामुळे एका घनाला हिशोबाने ४ अणू मिळतात. चारपट जागा ०.०४७१, घनमूळ ०.३६१. क्ष-किरणांनी मोजलेली तांब्याच्या स्फटिक-घनाची बाजू ०.३६१५ नॅनोमीटर आहे.